चित्रपटांच्या जुन्या प्रती : जतन व जीर्णोद्धार

१. विषय

जुनीं कागदपत्रें, पोथ्या, नाणीं व ताम्रपट यांचा संग्रह करणाऱ्या आमच्या वाचकांस या पृष्ठांवर चित्रपटाचें नांव पाहून थोडें नवल वाटेल. परंतु इतिहासाचें साधन म्हणून पाहिलें असतां चित्रपटाची जुनी प्रत आणि जुनी पोथी यांत वाटतें तितकें अंतर नाहीं. दोन्ही नाशवंत द्रव्यावर उतरलेल्या असतात. दोहोंच्या अनेक प्रती होतात, प्रतीप्रतींत पाठभेद पडतात, मूळ प्रत बहुधा नाहींशी होते आणि उरतात त्या नकलांच्या नकला. दोन्ही माळ्यावरील पेटींत सांपडतात आणि दोन्ही रद्दीच्या भावानें जातात. फरक आहे तो काळाचा. चांगल्या हातकागदावर काजळीच्या शाईनें लिहिलेली पोथी तीन-चारशें वर्षें सहज टिकते. चित्रपटाची फीत थंड व कोरड्या जागीं न ठेविल्यास पन्नास-साठ वर्षांतच आपली आपण कुजूं लागते. पोथ्यांच्या संशोधकास जी सवड मिळाली ती चित्रपटांच्या संशोधकास मिळणार नाहीं.

प्रस्तुत लेखांत आम्हांस मुख्यतः एक गोष्ट मांडावयाची आहे. चित्रपटाचा जीर्णोद्धार हें आधीं ग्रंथसंपादनाचें काम आहे व मग यंत्राचें. आणि म्हणून नवी नक्कल कितीहि उत्तम निघाली तरी जुनी वस्तु टाकून देतां कामा नये. पुण्यांत या विषयाचीं सर्व अंगें, चांगलीं व वाईट दोन्ही, घडून गेलेलीं आहेत. तेव्हां उदाहरणें शक्य तों येथलींच घेतों.

२. काय होतें व काय उरलें

हिंदुस्थानांतील चित्रपटाचा जन्म महाराष्ट्रांत झाला. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनीं १८९९ मध्यें मुंबईस हँगिंग गार्डन येथें झालेल्या कुस्तीचें चलच्चित्र घेतलें. पुढें १९०१ मध्यें केंब्रिजहून रँग्लर होऊन परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांच्या आगमनाचेंहि चित्र त्यांनीं घेतलें. या दुसऱ्या फितीचें पुणें शहराच्या व फर्ग्युसन कॉलेजच्या इतिहासास किती मोल असतें हें सांगावयास नको. दोन्ही फिती आज उपलब्ध नाहींत. दादासाहेब तोरणे यांचा ‘पुंडलिक’ १८ मे १९१२ रोजीं मुंबईस दाखविला गेला. तोहि उरलेला नाहीं. धुंडिराज गोविंद फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ (शके १८३५) रोजीं मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहांत लागला. तो चार रिळांचा होता. त्यांतील पहिलें व शेवटचें म्हणून ओळखलीं जाणारीं दोनच रिळें राहिलीं आहेत, आणि तींहि त्याच चित्रपटाचीं कीं काय याविषयीं वाद आहे. कोल्हापुरास बाबूराव पेंटर यांनीं काढलेला १९२५ चा ‘सावकारी पाश’ हा मूकपट आज फक्त वर्णनांतून माहीत आहे. त्याच विषयावर त्यांनीं पुढें १९३६ मध्यें बोलपट केला; पण त्यावरून मूळ कृतीची बरोबर कल्पना करणें म्हणजे भाषांतरावरून मूळ ग्रंथ अजमावण्यासारखें आहे.

मूकपटांच्या काळांत या देशांत हजाराहून अधिक चित्रपट निघाले. त्यांपैकीं पूर्ण किंवा तुटक स्थितींत हातीं असलेले बोटांवर मोजण्याइतके आहेत. बोलपटांचीहि सुरवात हानीपासूनच होते. १४ मार्च १९३१ रोजीं मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहांत लागलेला अर्देशिर इराणी यांचा ‘आलम आरा’ हा या देशांतला पहिला बोलपट. त्याची एकहि प्रत ज्ञात नाहीं. याच्या उलट प्रभात कंपनीचा ‘अयोध्येचा राजा’ हा १९३२ चा पहिला मराठी बोलपट आजहि पाहावयास मिळतो. दोहोंत अंतर एका वर्षाचें. एक गेला व एक राहिला याचें कारण कृतीच्या गुणांत नाहीं. कोणाच्या कोठींत कोणता डबा पडून राहिला एवढ्यावरच पुष्कळ वेळां निकाल लागला आहे.

इतका नाश कां झाला याचीं कारणें साधीं आहेत. चित्रपट हा माल समजला गेला. गांवोगांव फिरून प्रत झिजली, तिचीं छिद्रें फाटलीं, कीं ती निरुपयोगी ठरे. बोलपट येतांच सारे मूकपट एका दिवसांत शिळे झाले. कृष्णधवल फितीवरील चित्र चांदीच्या सूक्ष्म कणांचें बनलेलें असतें. तेव्हां जुनीं रिळें धुऊन चांदी काढून घेणें हा धंदाच होता, आणि खालच्या सेल्युलॉइडपासून बांगड्यांसारख्या वस्तु होत. ताम्रपट मोडून भांडें करणाऱ्या तांबटाची गोष्ट आपण हळहळून सांगतों. येथें तीच गोष्ट हजारों वेळां घडली.

३. फितीचें द्रव्य व तिचे रोग

फितीचे मुख्य घटक दोन : खालचा पारदर्शक पट्टा व त्यावर जिलेटिनचा थर. चित्र असतें तें जिलेटिनमध्यें. जिलेटिन हें जनावरांच्या हाडांपासून व कातड्यांपासून काढतात, म्हणून दमट हवेंत त्यावर बुरशी धरते. परंतु खरा प्रश्न आहे तो खालच्या पट्ट्याचा.

सुमारें १९५० पर्यंतचे बहुतेक व्यावसायिक चित्रपट सेल्युलोज नायट्रेटच्या पट्ट्यावर आहेत. हें द्रव्य चित्रासाठीं उत्तम, पण स्वभावानें बंदुकीच्या कापसाचें भावंड आहे. पेटण्यास लागणारा प्राणवायु त्याच्या स्वतःच्याच घटनेंत असल्यामुळें तें एकदां पेटलें कीं पाण्याखालींहि जळत राहतें. न पेटतांहि तें हळूहळू विघटन पावतें. त्यांतून निघणारे वायु ओलाव्याशीं मिळून नत्राम्ल बनतें, आणि तें अम्ल प्रथम चांदीस, मग जिलेटिनास खातें. या रोगाच्या पायऱ्या ठरलेल्या आहेत : प्रथम चित्र फिकट होऊन फीत पिवळसर होते, मग वेढे एकमेकांस चिकटूं लागतात, पुढें मधासारखे बुडबुडे येतात, नंतर सारें रीळ एक गोळा होतें, आणि शेवटीं डब्यांत तपकिरी भुकटी उरते. पहिल्या दोन पायऱ्यांपर्यंत बहुतेक चित्र वांचवितां येतें, तिसरींत थोडें, पुढें कांहींच नाहीं.

नायट्रेटच्या जागीं ॲसिटेटची ‘सुरक्षित’ फीत आली. ती भडकत नाहीं, एवढ्याच अर्थानें सुरक्षित. तिलाहि रोग आहे. उष्ण व दमट हवेंत ॲसिटेटपासून व्हिनेगारच्या वासाचें अम्ल सुटतें, फीत आखडते, वांकडी होते, ठिसूळ होते. आणि सुटलेलें अम्लच पुढील कुजण्यास वेग देतें. एका डब्याचा वास शेजारच्या डब्यांसहि बाधतो. सामान्य खोलींतल्या हवेंत ही विकृति चाळीस-पन्नास वर्षांत सुरू होते. रंगीत फितींचा तिसरा रोग आहे : त्यांतील रंगद्रव्यें एकसारख्या वेगानें उडत नाहींत, म्हणून कित्येक जुन्या रंगीत प्रती आज नुसत्या तांबूस दिसतात.

या सर्वांवर औषध एकच, थंडावा व कोरडेपणा. रोग बरा होत नाहीं, पण त्याची चाल मंद करतां येते. नायट्रेटसाठीं शून्याच्या वर चार-पांच अंश व रंगीत फितींसाठीं शून्याच्याहि खालीं पांच अंश सेल्सियस उष्णमान राखावें, असा चित्रपट-संग्राहकांचा अनुभव आहे.

आतां हें आमच्या गांवच्या हवेशीं ताडून पाहावें. मांजरी बुद्रुक हें गांव पुण्याच्या पूर्वेस, मुळामुठेच्या कांठीं व दौंडकडे जाणाऱ्या लोहमार्गावर आहे. २०२१ मध्यें त्याचा समावेश पुणें महानगरपालिकेंत झाला. येथें वैशाखांत पारा ४० अंशांच्या आसपास चढतो आणि पत्र्याच्या छपराखालीं त्याहूनहि वर जातो. आषाढ-श्रावणांत भिंतींस ओल येते. विघटन सुरू झालेली नायट्रेट फीत सुमारें ४० अंशांची उष्णता सतत लागल्यास आपोआप पेट घेऊं शकते. म्हणजे अशा खोलींत ठेवलेला जुना डबा उन्हाळ्यांत पेटण्याच्या उंबरठ्यावर असतो व पावसाळ्यांत कुजण्याच्या. आमच्या भागांत जुने वाडे पाडून उंच इमारती उभ्या राहत आहेत, आणि माळे रिकामे होत असतांना पेट्या उघडल्या जात आहेत. त्यांत मोडी कागदांबरोबर फितीचे डबेहि निघण्याचा संभव आहे; कारण तंबूंत चित्रपट दाखवीत जत्रेजत्रेला फिरणारे व्यावसायिक पश्चिम महाराष्ट्रांत पुष्कळ होते, आणि त्यांच्याजवळील प्रती शहरांत परत आल्याच असें नाहीं.

४. पुण्यांतील चित्रपट-संग्रहालय

प्रभात फिल्म कंपनी १९२९ मध्यें कोल्हापुरास निघाली व १९३३ मध्यें पुण्यास आली. विष्णुपंत दामले, शेख फत्तेलाल, व्ही. शांताराम, केशवराव धायबर व सीताराम कुलकर्णी हे तिचे संस्थापक. १९५३ मध्यें कंपनी बंद पडली. तिच्या आवारांत १९६० मध्यें सरकारी फिल्म इन्स्टिट्यूट स्थापन झाली, आणि फेब्रुवारी १९६४ मध्यें पुण्यासच राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघालें. पहिला मूकपट लागल्यास तेव्हां पन्नास वर्षें होऊन गेलीं होतीं. म्हणजे नायट्रेट फितीचें जितकें आयुष्य मानतात, तितकें सरल्यावर तिच्यासाठीं घर बांधलें गेलें.

या संग्रहालयाचें काम प्रथमपासून ज्यांनीं वाहिलें ते परमेश कृष्णन नायर १९६५ मध्यें तेथें रुजू झाले व १९९१ मध्यें निवृत्त झाले. त्यांचें निधन ४ मार्च २०१६ रोजीं पुण्यांतच झालें. विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांनीं गांवोगांव पायपीट करून दप्तरें धुंडाळलीं हें आमच्या वाचकांस ठाऊक आहेच. नायर यांचें काम त्याच जातीचें होतें. जुन्या निर्मात्यांचीं घरें, बंद पडलेलीं चित्रगृहें, भाड्यानें प्रती देणाऱ्यांच्या वखारी यांत त्यांनीं रिळें शोधिलीं. फाळके यांच्या कृतींचे जे अवशेष आज पाहावयास मिळतात त्यांचें श्रेय मुख्यतः त्यांस आहे. ‘कालिया मर्दन’ हा १९१९ चा चित्रपट त्यांतल्या त्यांत बराचसा पूर्ण आहे. त्यांत कृष्णाची भूमिका फाळके यांची कन्या मंदाकिनी हिनें केली आहे. ‘लंकादहन’ (१९१७) व ‘श्रीकृष्णजन्म’ (१९१८) यांचे मात्र तुकडेच उरले आहेत.

याच शहरांत मोठी हानीहि झाली. ८ जानेवारी २००३ रोजीं फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारांत, जेथें संग्रहालयाच्या नायट्रेट फिती ठेविलेल्या होत्या त्या जुन्या कोठारास आग लागली व हजारों रिळें भस्म झालीं. फाळके व प्रभात यांच्या चित्रपटांचीं जुनीं रिळें त्यांत असल्याचें तेव्हांच्या वृत्तपत्रांत प्रसिद्ध झालें. त्यांतील पुष्कळांच्या सुरक्षित फितीवर नकला आधींच झालेल्या होत्या, म्हणून ते चित्रपट अजिबात नष्ट झाले असें म्हणतां येत नाहीं. परंतु ‘नक्कल आहे, मग काय गेलें?’ या प्रश्नाचें उत्तर पुढील प्रकरणांत देतों.

पुढें २०१४-१५ पासून राष्ट्रीय चित्रपट वारसा अभियान सुरू झालें व त्यासाठीं सुमारें ५९७ कोटि रुपये मंजूर झाले. मार्च २०२२ मध्यें संग्रहालय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळांत विलीन करण्यांत आलें; तथापि त्याचें काम पुण्यास लॉ कॉलेज रस्त्यावर पूर्ववत् चालूं आहे.

५. ‘राजा हरिश्चंद्र’ची दोन रिळें : एक पाठनिर्णय

फाळके यांनीं हरिश्चंद्राचें आख्यान दोनदां चित्रित केलें, एकदां १९१३ मध्यें व पुन्हां १९१७ मध्यें. दुसऱ्याचें नांव ‘सत्यवादी राजा हरिश्चंद्र’. आज जीं दोन रिळें ‘राजा हरिश्चंद्र’ म्हणून दाखविलीं जातात तीं १९१३ चीं नसून १९१७ चीं होत, असें कित्येक इतिहासकारांचें मत आहे. देशाच्या पहिल्या चित्रपटाविषयीं हा वाद आहे, म्हणून तो क्षुल्लक नाहीं. उद्यां कोणी ज्ञानेश्वरीची सर्वांत जुनी म्हणून मिरविलेली प्रत शंभर वर्षांनंतरची ठरविली तर आपण जितके अस्वस्थ होऊं तितकेंच येथें व्हावयास हवें.

असा वाद सोडवावा कसा? पोथीच्या बाबतींत आपण कागद, शाई, अक्षराचें वळण व शेवटची पुष्पिका पाहतों. फितीलाहि पुष्पिका असते. कोडॅक कंपनीनें १९१६ पासून फितीच्या कडेवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशीं वर्षदर्शक खुणांचीं चिन्हें छापण्यास आरंभ केला. वीस वर्षांनीं तींच चिन्हें पुन्हां येतात, तेवढें सांभाळून वाचावें लागतें. दुसऱ्या कंपन्यांच्या कडेवरील अक्षरें निराळीं असतात. छिद्रांचा आकार, दोन चौकटींमधील रेघेची जागा, तुकडे जोडण्याची रीत व पाटीवरील अक्षरांची घडण यांवरूनहि काळ सांगतां येतो.

येथें एक बारकावा आहे. कडेवरचें चिन्ह कोऱ्या फितीचें वर्ष सांगतें, चित्रणाचें नव्हे. १९१३ च्या निगेटिव्हवरून १९२० मध्यें काढलेल्या प्रतीवर १९२० चें चिन्ह असेल. मात्र जुन्या निगेटिव्हच्या कडेवरील अक्षरें पुष्कळदां नव्या प्रतीवरहि उमटतात. तेव्हां एकाच कडेवर दोन-तीन पिढ्यांच्या खुणा एकावर एक सांपडतात. जुन्या लेखकाची पुष्पिका नव्या नक्कलकारानें जशीच्या तशी उतरावी व खालीं आपली जोडावी, तसाच हा प्रकार आहे. या खुणांवरून प्रतींची वंशावळ मांडतां येते.

परंतु हें सारें फितीच्या कडेवर आहे, चित्राच्या चौकटींत नाहीं. नक्कल करतांना कडा बहुधा गाळली जाते. संगणकासाठीं चित्र उतरवितांना तर मुद्दाम सांगितल्याखेरीज नुसती चौकटच घेतली जाते. म्हणून नक्कल पाहून कथा समजते, नट ओळखतां येतात, पण प्रतीचा काळ व कुळ सांगतां येत नाहीं. ‘मग काय गेलें?’ याचें उत्तर हें आहे. मूळ रीळ जळतें तेव्हां साक्षीदाराची जबानी कागदावर राहते, पण त्याची उलटतपासणी कायमची बंद होते.

६. जीर्णोद्धाराची पद्धति

जीर्णोद्धार म्हणजे जुनें चित्र धुऊन चकचकीत करणें, असा समज रूढ आहे. प्रत्यक्षांत कामाचा क्रम निराळा आहे, आणि तो आमच्या वाचकांस परिचयाचा वाटेल.

पहिलें काम प्रती गोळा करण्याचें. देशांत व परदेशीं एका चित्रपटाच्या जितक्या प्रती असतील तितक्यांचा शोध घ्यावा : निगेटिव्ह, तीवरून काढलेल्या प्रती, १६ मिलिमीटरच्या लहान नकला, परभाषेंतील पाट्या असलेल्या प्रती. दुसरें काम तुलनेचें. कोणत्या प्रतींत कोणता प्रसंग आहे, कोठें कात्री लागली आहे, क्रम कोठें बदलला आहे याचें कोष्टक करावें. तिसरें काम बाहेरच्या पुराव्याचें. १९१८ च्या कायद्यान्वयें १९२० मध्यें मुंबईस परिनिरीक्षण मंडळ स्थापन झालें. चित्रपटाची लांबी व त्यांतील कापाकापी यांविषयीं अशा मंडळांच्या नोंदी, जाहिराती, गाण्यांच्या पुस्तिका, वर्तमानपत्रांतील परीक्षणें व निर्मात्यांचीं टिपणें हीं सर्व येथें उपयोगी पडतात. जर्मनींतील ‘मेट्रोपोलिस’ (१९२७) या चित्रपटाचा मूळ क्रम लावतांना त्याच्या संगीताची जुनी लिखित प्रत मार्गदर्शक ठरली. चित्रपट लावावयास कागद लागतो; म्हणून चित्रपटाची पुस्तिका ही दुय्यम वस्तु समजूं नये.

यानंतर हातानें करावयाची दुरुस्ती येते. फाटलेलीं छिद्रें सांधणें, सुटलेले जोड पक्के करणें, आखडलेल्या फितीचें माप घेणें, धूळ व बुरशी काढणें हें काम एकेका वीतभर फितीचें असतें. मग चित्र उतरविलें जातें. ३५ मिलिमीटरच्या एका फुटांत १६ चौकटी येतात, म्हणजे हजार फुटांच्या रिळांत १६,०००. सेकंदास २४ चौकटींच्या वेगानें अडीच तासांचा बोलपट २,१६,००० चौकटींचा होतो. त्या सर्व पाहाव्या लागतात. मूकपटांचा वेग याहून कमी व ठिकठिकाणीं निराळा असे; पुष्कळदां तो १६ ते २० च्या दरम्यान असे. तो विचार न करतां २४ नें फिरविल्यास पात्रें तुरुतुरु धांवूं लागतात, आणि पाहणाऱ्यास वाटतें कीं जुन्या काळचा अभिनयच तसा हास्यास्पद होता. दोष वाचनाचा, आळ मूळ पाठावर, हा प्रकार मोडी वाचणाऱ्यांस नवा नाहीं.

शेवटचा प्रश्न नीतीचा आहे. जें गळालें आहे त्याचें काय करावें? भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरानें १९१९ मध्यें हातीं घेऊन १९६६ मध्यें पुरी केलेली महाभारताची चिकित्सित आवृत्ति येथें आदर्श मानावी असें आम्हांस वाटतें. त्या आवृत्तींत संशयित पाठ खुणेनें दाखविले आहेत आणि मुख्य संहितेबाहेरचे श्लोक तळाशीं दिले आहेत. संपादकानें आपले श्लोक रचून भर घातलेली नाहीं. चित्रपटांतहि तसेंच असावें. ओरखडा काढणें योग्य, कारण तो लेखनाचा भाग नव्हे, वापराचा आहे. पण मूळचा दाणेदारपणा पुसून चेहरे गुळगुळीत करणें, कृष्णधवल चित्र रंगविणें, नवें पार्श्वसंगीत जोडून तेंच मूळचें म्हणून देणें हे प्रक्षेप होत. केलेला प्रत्येक बदल लिहून ठेवावा आणि तो उलटवितां यावा.

७. दूरदेशीं सांपडलेल्या प्रती

जुन्या वस्तु जपून ठेवल्यास केव्हां व कोठें उपयोगीं पडतील याचा नेम नसतो, याचीं तीन-चार उदाहरणें देतों.

वर उल्लेखिलेला ‘मेट्रोपोलिस’ पहिल्या प्रदर्शनानंतर कापला गेला. गळालेला भाग कायमचा गेला असें सर्व मानीत होते. २००८ मध्यें अर्जेंटिनांत ब्वेनोस आयरेस येथील चित्रपट-संग्रहालयांत १६ मिलिमीटरची एक घासलेली नक्कल सांपडली आणि सुमारें २५ मिनिटांचा भाग परत मिळाला. २०१० मध्यें दाखविलेल्या आवृत्तींत हा भाग त्याच्या ओरखड्यांसह ठेविला आहे. त्यामुळें कोणता पाठ कोणत्या प्रतीचा हें पाहणाऱ्यास चटकन् कळतें. कार्ल ड्रायर यांच्या जोन ऑफ आर्कवरील १९२८ च्या चित्रपटाची मूळ निगेटिव्ह त्याच वर्षीं बर्लिनमध्यें जळाली. त्याची अस्सल पाठाची प्रत १९८१ मध्यें ऑस्लोजवळच्या एका मनोरुग्णालयांत निघाली.

आपल्याकडील उदाहरण ‘बिल्वमंगल’ याचें. हा मूकपट १९१९ मध्यें कलकत्त्यास निघाला. येथें त्याचा मागमूस नव्हता. फ्रान्समधील चित्रपट-संग्रहालयांत त्याचा ५९४ मीटरचा भाग निघाला व २०१६ मध्यें त्याची नक्कल पुण्यास आली. मूळ चित्रपट सुमारें १२,००० फुटांचा, म्हणजे ३,६०० मीटरांहून अधिक. तेव्हां मिळाला तो षष्ठांशच. पण नसण्यापेक्षां षष्ठांश फार मोठा.

चौथें उदाहरण सर्वांत बोधप्रद आहे. सत्यजित राय यांच्या ‘पथेर पांचाली’, ‘अपराजितो’ व ‘अपुर संसार’ या चित्रपटांच्या निगेटिव्ह १९९३ मध्यें लंडनच्या एका प्रयोगशाळेच्या आगींत होरपळल्या. तेव्हांच्या विद्येप्रमाणें त्या निरुपयोगी होत्या. तरीहि ते जळके, वितळलेले अवशेष अमेरिकेंतील अकादमीच्या संग्रहांत जपून ठेवण्यांत आले. सुमारें वीस वर्षांनीं इटलींत बोलोन्या येथील प्रयोगशाळेंत त्यांस ओलावा देऊन मऊ केलें, छिद्रें नव्यानें लावलीं आणि ‘पथेर पांचाली’चा सुमारें ४० टक्के व ‘अपराजितो’चा ६० टक्क्यांहून अधिक भाग मूळ निगेटिव्हवरूनच उतरविला गेला. नवी आवृत्ति २०१५ मध्यें लोकांसमोर आली. १९९३ मध्यें कोणी शहाणपणानें तो जळका ढीग फेंकून दिला असता तर पुढच्या विद्येस काम करावयास कांहींच उरलें नसतें. आजच्या आपल्या साधनांवरून उद्यांच्या संशोधकाची मर्यादा ठरविणें बरें नव्हे.

संगणकावरील नकलेविषयींहि हेंच. ती काढावीच, पाहणाऱ्यांस तिच्यासारखी सोय नाहीं व मूळ फितीस त्यामुळें विश्रांति मिळते. पण तीहि अमर नाहीं. ज्या फितींवर व तबकड्यांवर ती सांठविली जाते त्या बिघडतात, वाचणारीं यंत्रें दहा-पंधरा वर्षांत जुनाट होतात, आणि मग सर्व नकलांची पुन्हां नक्कल करावी लागते. एका पिढीनें आळस केला कीं साखळी तुटली. थंड कोठारांत ठेविलेलें रीळ दुर्लक्षहि कांहीं काळ सोसतें. संगणकी नक्कल तें मुळींच सोसत नाहीं.

८. संग्राहकांस सूचना

पेटी धुंडाळतांना फितीचा डबा हातीं आल्यास काय करावें तें थोडक्यांत सांगतों.

(१) डबा उन्हांत किंवा बंद खोलींत उघडूं नये. सावलींत, वारा खेळता असेल तेथें व विस्तवापासून दूर उघडावा. जवळ विडी-काडी नको.

(२) फितीच्या कडेवर ‘नायट्रेट’ किंवा ‘सेफ्टी’ अशा अर्थाचीं इंग्रजी अक्षरें असतात तीं वाचावीं. अक्षरें नसल्यास व चित्रपट १९५० पूर्वींचा असल्यास तो नायट्रेटचाच समजून वागावें. तुकडा जाळून पाहण्याची जुनी रीत कधींहि अवलंबूं नये.

(३) व्हिनेगारसारखा वास येत असल्यास तो डबा इतरांपासून वेगळा करावा. चिकटलेलें रीळ ओढून सोडवूं नये, आणि ‘एकदां पाहूं तरी’ म्हणून यंत्रावर चढवूं नये. आखडलेली फीत यंत्रांत पहिल्याच फेरींत फाटते.

(४) डब्यावरील चिठ्ठ्या, आंतले कागद, दोरा, मोहोर कांहींहि काढून टाकूं नये. डबा बदलावा लागला तर जुन्यावरील मजकूर उतरून ठेवावा. कोणाच्या घरीं, कोणत्या पेटींत, कशाबरोबर मिळाला हें त्याच दिवशीं लिहावें. दप्तराच्या रुमालास आपण जो नियम लावतों तोच येथें.

(५) नायट्रेटची फीत टपालानें किंवा आगगाडीनें पाठवूं नये, व घरींहि ठेवूं नये. लॉ कॉलेज रस्त्यावरील संग्रहालयास कळवावें. नेण्याची व्यवस्था जाणत्यांनींच करावी. प्रत जतनास देणें व चित्रपटाचे हक्क देणें या भिन्न गोष्टी आहेत. दोहोंविषयीं आरंभींच लेखी ठरवून घ्यावें म्हणजे पुढें वाद राहत नाहीं.

(६) तुकडा लहान आहे, नांव नाहीं, आरंभ-शेवट नाहीं म्हणून तो टाकूं नये. निनांवी तुकड्यांतूनच पुष्कळ चित्रपट ओळखले गेले आहेत. लग्नसमारंभ, सभा, मिरवणूक, शाळेचें संमेलन यांचीं घरगुती लहान रिळेंहि याच न्यायानें राखावीं; जुन्या पुण्याचे रस्ते, वेष व चालीरीती त्यांत अनायासें उतरलेल्या असतात.

(७) ज्यांच्या संग्रहीं जुन्या चित्रपटांच्या पुस्तिका, जाहिराती, छायाचित्रें, हिशेबवह्या किंवा पत्रव्यवहार असेल त्यांनीं त्यांची यादी करून प्रसिद्ध करावी. चित्रपट हातीं नसतांहि त्या यादीवरून दुसऱ्याच्या हातचा तुकडा ओळखतां येईल.

हस्तलिखितांच्या संग्राहकांनीं एक शतकभर खपून मराठ्यांच्या इतिहासास कागदाचा आधार दिला. ते कागद ज्यांच्या घरीं होते त्यांपैकीं बहुतेकांस त्यांचें मोल ठाऊक नव्हतें; तें मोल ओळखणारा दारांत येऊन उभा राहिला म्हणून ते वांचले. फितींच्या बाबतींत दारांत जाण्यास आतां फार वर्षें उरलेलीं नाहींत. नायट्रेटवरील सर्वांत अलीकडच्या प्रतीहि सत्तर वर्षांपलीकडच्या झाल्या आहेत, व ॲसिटेटवरील कित्येक प्रतींस वास सुटला आहे. येत्या उन्हाळ्यापूर्वीं ज्यांस शक्य असेल त्यांनीं आपल्या व आपल्या परिचितांच्या माळ्यांवरील पेट्या एकवार उघडून पाहाव्या, व फितीचा डबा निघाल्यास वरील सूचनांप्रमाणें वागावें, अशी आमची सर्व वाचकांस विनंति आहे.

मांजरी, पुणें